माधो हवालदाराचा उपदेश

सआदत हसन मंटोच्या 'हतक' या कथेत पुण्याचा एक हवालदार मुंबईला येतो. नाव माधो. सौगंधीच्या खोलीवर तो पहिल्यांदा येतो तो गिऱ्हाईक म्हणूनच, पण बसल्या बसल्या तिला नीतीचे धडे देऊ लागतो. तुला लाज कशी वाटत नाही? भाव दहा रुपये, त्यातले अडीच रामलाल दलालाचे. उरलेल्या साडेसातांत माणसामाणसांत कसली देवाणघेवाण होणार? हा धंदा सोड, महिन्याचा खर्च मी पुण्याहून पाठवतो. सौगंधीला हे ऐकून फार बरं वाटतं. त्यानंतर धंदा सुटत नाही आणि पुण्याहून मनिऑर्डरही येत नाही. उलट माधोच जेव्हा जेव्हा येतो तेव्हा तिच्याकडून काही ना काही उकळून जातो.

हा माधो मंटोच्या कथेतून उठून मराठी साहित्यव्यवहारात केव्हाच स्थायिक झाला आहे. नाट्यगृहाबाहेरच्या वडा-कॉफीच्या रांगेत तो भेटतो, वाचक मंडळाच्या चर्चेत भेटतो, परिसंवादात तर अध्यक्षस्थानी असतो. त्याचं म्हणणं असं: प्रेम विकत मिळत नाही आणि विकत मिळतं ते प्रेम नव्हे. माया, सोबत, काळजी यांना भाव लावला की ती नासतात. म्हणून कथेत, नाटकात, सिनेमात कोणी पैसे मोजून जवळीक मिळवत असेल, तर लेखकानं ती जवळीक खोटी ठरवलीच पाहिजे. पैसे घेणारीला शेवटी पश्चात्ताप व्हावा, नाहीतर क्षय. फारच सद्गुणी असेल तर मंगळसूत्र चालेल. आणि काहीही झालं तरी तिनं एकदा तरी पुढे आलेले पैसे झिडकारावेत, म्हणजे बाल्कनीतल्या प्रेक्षकाला डोळे पुसायला निमित्त मिळतं.

या मागणीपत्रात पैसे देणाऱ्याच्या नावे एकही कलम नाही, हे लक्षात आलं का? प्रायश्चित्त सगळं घेणारीच्या वाट्याचं. देणारा फक्त 'नादी लागलेला' असतो. नाद काय, पतंगाचाही असतो.

या मताचा सर्वांत लाडका साक्षीदार म्हणजे शूद्रकाच्या 'मृच्छकटिका'तली वसंतसेना. उज्जयिनीची ही गणिका राजाच्या मेहुण्याला, शकाराला, धुडकावते आणि कफल्लक चारुदत्तावर जीव लावते. शकारानं गाडीबरोबर पाठवलेले दहा हजार सुवर्णांचे दागिने ती परत पाठवते आणि आईला निरोप देते की मी जिवंत हवी असेन तर पुन्हा हे विचारू नकोस. झालं तर मग! खरं प्रेम पैशाला भीक घालत नाही, हे दीड-दोन हजार वर्षांपूर्वीच सिद्ध झालं, असं म्हणून माधो मोकळा होतो. देवलांच्या 'संगीत मृच्छकटिका'पासून गिरीश कार्नाडांच्या 1984 मधल्या 'उत्सव' चित्रपटापर्यंत प्रेक्षक हाच अर्थ घरी घेऊन गेले.

पण नाटक जरा मन लावून वाचलं तर साक्षीदार उलटतो. पहिल्या अंकात शकार आणि त्याचे सोबती रात्रीच्या अंधारात वसंतसेनेच्या मागे लागतात. तेव्हा ती जे उत्तर देते ते नेमकं आहे: प्रेम गुणांमुळे उपजतं, बळजबरीनं नाही. तिचा शब्द बळजबरी हा आहे. पैशाचं ती नावही काढत नाही, आणि काढावं असं कारणही नाही. ती आठ चौकांच्या वाड्यात राहते. हत्ती, गाड्या, जवाहिरे, स्वयंपाकघरं, पोपट-मैना, सगळं तिथं आहे आणि सगळं धंद्याच्या कमाईचं आहे. ते पाहताना चारुदत्ताचा मित्र मैत्रेय चौथ्या अंकात अक्षरशः तोंडात बोट घालतो. याच कमाईतून ती एका जुगाऱ्याचं दहा सुवर्णांचं कर्ज फेडते. तोच माणूस पुढे भिक्षू होऊन तिचा जीव वाचवतो. चारुदत्ताच्या पोराला मातीची गाडी नको असते, तर ती आपले दागिने काढून त्या गाडीत भरते. नाटकाला नाव त्या गाडीवरून पडलं. गणिकेचा पैसा अपवित्र म्हणून बाजूला ठेवायचा म्हटलं, तर दुसऱ्या अंकाच्या पुढे हे नाटक सरकायचंच नाही.

मग त्याच पहिल्या अंकात विट काय म्हणतो ते पाहा. शकाराचा हा सुशिक्षित सोबती तिला समजावतो की तू रस्त्याकडेची वेल, तू सगळ्यांची विहीर, तू सगळ्यांना पार नेणारी नाव. तुला कसली आवडनिवड? म्हणजे एकदा भाव लावून घेतलास की निवडीचा हक्क संपला. आजचा नीतिवादीही हेच तर म्हणतो, की विकाऊ झाल्यावर कसलं आलंय प्रेम! तो स्वतःला वसंतसेनेच्या बाजूनं उभा असल्याचं समजतो, पण बोली विटाची बोलतो. शकारानं पैसे देऊ केले हा त्याचा अपराध नाही. अपराध हा की नकार त्याच्या कानात शिरत नाही. म्हणून आठव्या अंकात पुष्पकरंडक उद्यानात तो तिचा गळा आवळतो. नाटकातला खलपुरुष आणि बाकीचे यांच्यातली रेघ थैलीवरून गेलेली नाही, नकार मानणं न मानणं यावरून गेली आहे. शर्विलकाचं उदाहरण तर याच्या अगदी उलट टोकाचं. मदनिका ही वसंतसेनेची दासी. तिला सोडवायला पैसे हवेत म्हणून हा पठ्ठ्या चारुदत्ताच्या घराला भोक पाडून चोरी करतो. म्हणजे हाही 'प्रेम विकत घ्यायला' आलेलाच. त्याला खलपुरुष म्हणायला कोणी धजत नाही, कारण त्याला मदनिका मालकीनं नको होती, मोकळी हवी होती.

चारुदत्ताच्या घरातही डोकवायला हवं. ठेव म्हणून ठेवलेले वसंतसेनेचे दागिने चोरीला गेले आणि त्याची अब्रू जायची वेळ आली, तेव्हा ती वाचवली कोणी? त्याची बायको धूता हिनं, माहेरून आलेला रत्नहार काढून देऊन. निर्मळ, निःशुल्क प्रेमाच्या या कथेत नायक सोडून सगळ्यांनी पैसे घातले आहेत. नायकाचं नाव मात्र उदार म्हणून अजरामर झालं.

आता विरोधी पक्षाचा दुसरा मुद्दा. धंदा तो धंदा, पण लग्न ही वेगळी, पवित्र गोष्ट. तिथं सौदा नसतो, म्हणून तिथलं प्रेम खरं. हा मुद्दा मराठी माणसानं काढावा यात एक मजा आहे, कारण गोविंद बल्लाळ देवलांचं 'संगीत शारदा' 1899 साली रंगभूमीवर आलं आणि मराठी घराघरांत त्याची पदं गायली गेली. कांचनभट आपली पोर पंचाहत्तरीच्या भुजंगनाथाला पैशांसाठी देतो. मध्ये भद्रेश्वर दीक्षित नावाचा दलाल आहे. भाव आहे, घासाघीस आहे, दलाली आहे. फक्त बाजार म्हणायचं नाही, कारण वर मांडव घातलाय. आणि हे लग्न मोडतं कशानं? मुलीनं 'नको' म्हटल्यानं नाही. वर-वधू सगोत्र निघाले म्हणून! नकाराला शास्त्रात जागा नव्हती, गोत्राला होती. देवलांनी हा उपहास मुद्दाम केला की नाट्य जुळवण्याच्या ओघात तो झाला, हे ज्यानं त्यानं ठरवावं; पण प्रेक्षागृह त्या सुटकेवर टाळ्या वाजवत राहिलं. (जाता जाता: 1929 च्या बालविवाह प्रतिबंधक कायद्याला 'शारदा कायदा' म्हणतात ते या नाटकामुळे, असं पुष्कळांना वाटतं. तो हरबिलास सारडांच्या आडनावावरून आलेला आहे. गैरसमज गोड आहे, राहिला तरी हरकत नाही.)

त्याच 1899 मध्ये लखनौत मिर्झा हादी रुस्वा यांची 'उमराव जान अदा' प्रसिद्ध झाली. फैजाबादची अमीरन नावाची मुलगी दिलावर खान सूडापोटी पळवतो आणि लखनौच्या खानमला विकतो. ही दोन पुस्तकं शेजारी शेजारी ठेवून एकच प्रश्न विचारावा: पैसे कोणाच्या हातात पडले? एकीकडे दिलावर खानाच्या, दुसरीकडे कांचनभटाच्या. दोन्हीकडे जिची किंमत झाली तिच्या पदरात छदाम नाही, आणि दोघींनाही कोणी विचारलेलं नाही. पुढे उमराव आपल्या गाण्याचे, शायरीचे, बोलण्याचे पैसे स्वतः घेते, तेव्हा मात्र नीतिवाद्याचं कपाळ आठ्यांनी भरतं. म्हणजे मुलीला तिसऱ्यानं विकलं तर दुर्दैव आणि तिनं स्वतः दाम सांगितला तर अधःपतन. हा कुठला न्याय?

तेलुगूत हाच विषय घेऊन गुरजाड अप्पाराव यांचं 'कन्याशुल्कम' 1892 मध्ये रंगभूमीवर आलं होतं. पोरींचे सौदे ठरवणाऱ्या भटजी-वकिलांच्या त्या गर्दीत सर्वांत शहाणं पात्र मधुरवाणी ही कलावंतीण आहे. कलावंतिणीचं तोंड पाहायचं नाही असा बाणा असलेल्या सौजन्यराव वकिलाला शेवटी खटला सोडवायला तिचीच मदत घ्यावी लागते. गुरजाडांनी ही जागा रंगवताना चांगलेच हात धुऊन घेतले आहेत.

युरोपाकडे फार वेळ थांबायचं कारण नाही, पण एक प्रसंग टाळता येत नाही. अलेक्झांडर ड्युमा धाकट्याची 1848 ची कादंबरी मारी द्युप्लेसी या पॅरिसच्या गणिकेवरून सुचलेली. ती बिचारी आदल्याच वर्षी तेविसाव्या वर्षी क्षयानं गेली होती. त्यावरून व्हेर्दीनं 1853 मध्ये 'ला ट्रॅव्हिआटा' हा ऑपेरा केला. त्यात व्हायोलेटा सगळे श्रीमंत यार सोडून अल्फ्रेडोबरोबर खेड्यात राहायला जाते. शुद्ध, निर्व्यवहारी प्रेम. महिनोन्‌महिने घर चालतं कसं, याचा अल्फ्रेडोला पत्ताच नसतो. ती गुपचूप आपले घोडे, गाड्या, चीजवस्तू विकत असते, हे त्याला मोलकरणीकडून कळतं. म्हणजे ते शुद्ध प्रेम तिच्या जुन्या, अशुद्ध कमाईवर चालू होतं! आणि तिनं त्याला सोडावं असं त्याचा बाप का म्हणतो? कारण मुलाच्या या भानगडीमुळे मुलीचं ठरलेलं लग्न मोडायला आलंय. एका पोरीचा विवाहबाजारातला भाव सांभाळण्यासाठी दुसरीनं प्रेमाचा त्याग करायचा, आणि याला म्हणायचं नीती. पुढे भर मेजवानीत अल्फ्रेडो जुगारात जिंकलेल्या नोटा तिच्या पायाशी फेकतो. सगळे पाहुणे हळहळतात. तोवर पैसे तीच खर्च करत होती तेव्हा कोणी हळहळलं नव्हतं.

अशा कथेला एक तयार साचा असतो: तिनं त्याग करावा आणि मरावं. शरच्चंद्रांची चंद्रमुखी मरत नाही, धंदा सोडून खेड्यात जाते, म्हणजे तीही निम्मी मरतेच. हॉलिवुडनं 1990 मध्ये 'प्रिटी वुमन' काढताना साचा उलटा केला. सहा दिवसांचे तीन हजार डॉलर ठरलेली व्हिव्हियन शेवटी राजकन्या होते. मूळ पटकथेचं नाव '3000' असं होतं आणि तिच्यात शेवटी ती पैशांसह गाडीबाहेर फेकली जात होती. स्टुडिओनं आकडा खोडला आणि परीकथा लिहून घेतली. मरण आणि परीकथा, दोन्ही शेवट एकाच सबबीतून येतात: रोकड नजरेआड करा, तरच नातं दाखवता येईल.

1972 हे वर्ष मराठीत या वादासाठी जणू मुद्दाम राखून ठेवलेलं होतं. त्या वर्षी व्ही. शांतारामांचा 'पिंजरा' आला. जर्मन 'ब्लू एंजल'चं सूत्र घेऊन त्यात एक आदर्श शिक्षक तमासगिरणीच्या नादी लागून रसातळाला जातो. गावात त्याचा पुतळा उभा राहतो, आणि तो पुतळा अभंग राहावा म्हणून मास्तर फासावर जायलाही तयार होतो. त्याच वर्षी नामदेव ढसाळांचा 'गोलपिठा' आला, विजय तेंडुलकरांच्या प्रस्तावनेसह. आणि त्याच वर्षी तेंडुलकरांचं 'सखाराम बाइंडर' आलं. 'पिंजऱ्या'त आणि 'बाइंडर'मध्ये, दोन्हीकडे निळू फुले. एकीकडे गर्दी लोटली, दुसरीकडे बंदीची मागणी झाली. समाजाला एक शिक्षक तमाशाच्या पायी बुडालेला चालला. तमाशात दौलतजादा करणाऱ्या हातांवर सिनेमानं वेळ दवडला नाही म्हणूनही चालला असेल. सखाराम मात्र चालला नाही.

कारण सखारामनं सौदा उघड्यावर मांडला. बुकबाइंडिंग करणारा हा माणूस नवऱ्यांनी टाकलेल्या बायका घरी आणतो. अटी आधीच सांगतो: छप्पर मिळेल, दोन वेळचं जेवण मिळेल, कपडालत्ता मिळेल, बदल्यात घरकाम आणि अंथरूण. लग्न नाही. जायचं असेल तेव्हा साडीचोळी आणि तिकीट घेऊन जायची मोकळीक. प्रेक्षकांतल्या बऱ्याच जणांना हे ऐकून संताप आला तो अटींचा नव्हता, ऐकू येण्याचा होता. छप्पर, जेवण, कपडा आणि बदल्यात घरकाम व अंथरूण, यात सखारामनं नवीन काय सांगितलं? त्याच अटींवर किती घरं चालतात! विवाहसंस्थेची विटंबना झाली असं म्हणणाऱ्यांनी एक गोष्ट कबूलच केली, की वर्णन ओळखीचं वाटलं. दिग्दर्शक कमलाकर सारंगांना हे नाटक वाचवायला मुंबई उच्च न्यायालयापर्यंत जावं लागलं. 'बाइंडरचे दिवस' या त्यांच्या पुस्तकात ती सगळी लढाई आहे.

माधो इथं म्हणेल, अहो, पण शेवटी खूनच झाला ना? सौद्याचं फळ दिसलं ना? दिसलं, आणि उलटं दिसलं. लक्ष्मी गेली, चंपा आली. नवऱ्याला सोडून आलेली, तोंडाळ, रात्र सोसायची म्हणून दारू मागणारी चंपा. पुढे लक्ष्मी परत येते. चंपा दुसऱ्याकडे जाते हे लक्ष्मीकडून कळताच सखाराम चंपाचा गळा दाबतो. सौद्यात तर तिला निघून जायची मोकळीक होती! त्यानं गळा दाबला तो सौदा पाळण्यासाठी का? सौदा मोडून तो त्या क्षणी नवरा झाला, 'माझी बायको' म्हणणारा नवरा, म्हणून दाबला. आणि प्रेत पुरायला मदत कोण करतं? पूजाअर्चा करणारी, त्याला मनोमन पती मानणारी लक्ष्मी. तेंडुलकरांनी हे इतकं थंडपणे मांडलंय की अजूनही ते पचत नाही. या नाटकातला सर्वांत भयानक क्षण व्यवहारातून आलेला नाही, व्यवहार संपून मालकी सुरू झाली तिथून आलाय.

याच तेंडुलकरांनी पुढे 'कमला' लिहिलं. 1981 मध्ये 'इंडियन एक्स्प्रेस'चे पत्रकार अश्विनी सरीन यांनी माणसांच्या बाजाराचा पुरावा म्हणून एक बाई 2,300 रुपयांना विकत घेतली आणि देशभर खळबळ माजली. नाटकातला जयसिंग जाधव असाच एका आदिवासी बाईला अडीचशे रुपयांत घेऊन येतो आणि पत्रकार परिषदेत उभी करतो. रात्री कमला जयसिंगच्या बायकोला, सरिताला, अगदी भाबडेपणानं विचारते की तुम्हाला किती पडले? सरिताही एक आकडा सांगून टाकते, आणि कमला हिशेब करते की पोरबाळ नाही म्हणजे मालकाला महागच पडलं. नाट्यगृहात हशा येतो आणि मग तो हळूहळू थांबतो. कमलाला विकणं हा गुन्हा होता यात दुमत नाही. प्रश्न इतकाच की सरिताच्या पदवीवर, सुंदर घरावर आणि मेजवान्यांवर जो खर्च झाला त्याला माधो काय म्हणेल? संसार म्हणेल. शब्द बदलला की पावती फाडता येत नाही.

अलीकडे माधोनं जागा बदलली आहे. शरीराची गोष्ट जुनी झाली. आता तो म्हणतो, नुसती सोबतसुद्धा पैसे देऊन घेऊ नये, ती घेणारा माणूस केविलवाणा. 2013 च्या 'हर' चित्रपटातला थिओडोर विकत घेतलेल्या संगणकप्रणालीच्या प्रेमात पडतो, आणि प्रेक्षक चुकचुकतात. पण थिओडोर पोटासाठी काय करतो हे चुकचुकणाऱ्यांना आठवत नाही. तो दुसऱ्यांच्या वतीनं प्रेमपत्रं लिहितो! बायकोला, आजीला, मुलाला लिहायची हळवी पत्रं लोक त्याच्याकडून पैसे देऊन लिहून घेतात, आणि काही जोडप्यांची पत्रं तो वर्षानुवर्षं लिहितोय. ती पत्रं उघडणाऱ्यांच्या डोळ्यांत पाणी येत असेलच. ते खोटं? आणि ती प्रणाली, सामंथा, तर शेवटी निघून जाते. एकाच वेळी 641 जणांवर प्रेम करणारी ही विकत घेतलेली सोबतीण जाऊ शकते, हाच त्या सिनेमातला सर्वांत सच्चा धक्का आहे. विकत घेतलेली वस्तू जात नसते. जे जाऊ शकतं तेच नातं असतं, निदान तिथं तरी.

2018 मध्ये 'द न्यू यॉर्कर'नं जपानमधल्या भाड्यानं नातेवाईक पुरवणाऱ्या व्यवसायावर मोठा लेख छापला. भाड्याचा बाप, भाड्याची बायको. जगभर हळहळ झाली, पुरस्कारही मिळाला. पुढे त्यात दुःखी गिऱ्हाईक म्हणून दिसलेल्या काही जणांनी आपली खरी ओळख लपवल्याचं निघालं आणि नियतकालिकानं पुरस्कार परत केला. दरम्यान वेर्नर हेर्त्सॉगनं 2019 मध्ये याच विषयावर सिनेमाही काढला होता. म्हणजे भाड्याच्या प्रेमाची कथा ऐकून हळहळायला आपण इतके आतुर असतो की ती कथाच भाड्यानं मिळते.

आणि कोथरूड-पार्ल्याच्या फ्लॅटमध्ये मुलं परदेशी असलेल्या आजोबांजवळ बसलेली ब्युरोची बाई? बारा तासांची, चोवीस तासांची, रविवारी बदली बाई. त्यांची औषधं तिला पाठ, त्यांचा अर्धवट राहिलेला किस्सा तिला पुरा करता येतो, रात्री त्यांना खोकल्याची उबळ आली की तिलाच जाग येते. व्हॉट्सॲपवरची बोधकथा याच बाईकडे बोट दाखवते: बघा, पैसे दिले पण माया नाही मिळाली. तिच्याकडून माया मिळाली का हे आजोबांना कोणी विचारलेलं नसतं. तिच्या पगारातून ब्युरो किती कापून घेतो हेही विचारलेलं नसतं. रामलालचे अडीच रुपये अजून चालूच आहेत. तिच्या मायेवर संशय घेणारा मुलगा आपल्या मायेची मात्र महिन्याच्या महिन्याला बँकेतून रवानगी करत असतो.

महाश्वेतादेवींच्या 'रुदाली'तली शनिचरी मालक लोकांच्या मृत्यूवर पैसे घेऊन रडते. रडण्याचे दर ठरलेले: नुसता आक्रोश एक, जमिनीवर लोळून आक्रोश त्याहून जास्त. आपला नवरा, आपला मुलगा गेला तेव्हा मात्र तिला रडायला फुरसतही मिळाली नव्हती. क्रियाकर्माचा खर्च कुठून आणायचा हाच घोर. मालकाच्या प्रेतावर बाजारातल्या बायका बोलावून तिनं आणलेलं रडणं खोटं म्हणायचं, तर मालकाच्या पोटच्या पोरांचं काय म्हणायचं? श्राद्धाचा थाट गावात गाजावा म्हणून तर त्यांनी या बायका लावल्या होत्या. 1993 मध्ये यावर सिनेमा आला तेव्हा चर्चा झाली ती मुख्यतः अश्रूंची. दरांची फारशी नाही.

आता दुसऱ्या कडेच्या मंडळींनाही दोन शब्द ऐकवले पाहिजेत. प्रेम असो, सोबत असो, सगळंच काम आहे, दाम द्या आणि काम घ्या, असं म्हणणाऱ्यांचा एक नवा वर्ग आहे. त्यांनी अमीरन आठवावी. तिच्या बाबतीत काम, दाम आणि राजीखुशी यांतलं काहीच नव्हतं. ती उचलून नेलेली होती. त्यामुळे 'पैसे दिले ना' हे उत्तर शकाराचंही होऊ शकतं. पण हे मान्य करून माधोला सूट मिळत नाही. हे दोघे एकच चूक दोन बाजूंनी करतात: एक म्हणतो पैसा आला म्हणजे पाप आलं, दुसरा म्हणतो पैसा आला म्हणजे हिशेब मिटला. चांगल्या लेखकांनी हिशेब इतक्या स्वस्तात कधी मिटवला नाही. दाम कोणाच्या हातात गेला, अडीच कोणी कापले, आणि 'नको' म्हणायची सोय कोणाला होती, ही तीन खाती शूद्रकापासून तेंडुलकरांपर्यंत सगळे उघडून बसले आहेत. कथेची नीती तपासायची तर ती या वहीत तपासावी लागेल. नायिकेनं किती वेळा पैसे झिडकारले याच्या मोजदादीतून ती सापडणार नाही.

सौगंधीच्या त्या रात्रीचंच बघा. रात्री दोनच्या सुमाराला रामलाल दार ठोठावतो. खाली मोटारीत शेठ थांबलाय. सौगंधीचं डोकं ठणकत असतं, ती जाणार नव्हती. पण शेजारच्या मद्रासी बाईचा नवरा मोटारीखाली गेलाय, तिला तरण्या मुलीसह गावी जायला तिकिटाचे पैसे नाहीत, आणि सौगंधीनं तिला शब्द दिलाय. ते साडेसात रुपये तिला त्यासाठी हवेत. साडी बदलून ती खाली जाते. शेठ तिच्या तोंडावर बॅटरीचा झोत टाकतो, 'ऊंह' करतो आणि मोटार निघून जाते. कथेचं नाव 'हतक', म्हणजे अपमान. माधोच्या तर्कानं अपमान दहा रुपयांत असायला हवा होता; मंटोनं तो त्या 'ऊंह'मध्ये ठेवला. शेठला नकाराची चैन होती, एका हुंकारात, मोटारीत बसल्या बसल्या. सौगंधीला त्याच्या तोंडावर कधी बॅटरी मारता आली नव्हती.

सकाळी माधो येतो. तो पुण्याहून पन्नास रुपये मागायला आलाय, कसल्याशा केसमध्ये अडकलाय म्हणे. भिंतीवर चार पुरुषांचे फोटो चौकटीत लावलेले आहेत, त्यात एक त्याचा. सौगंधी एकेक फोटो खिडकीबाहेर भिरकावते, त्याचाही, आणि मग त्याला खडसावत विचारते, तू कोण लागून गेलास? तिचं खरुज्या अंगाचं कुत्रं भुंकत माधोला जिना उतरायला लावतं. त्या खोलीत प्रेमाचं नाव घेणारे पुरुष पुष्कळ आले होते; नीतीचे धडे देऊन उलट पैसे नेणारा मात्र हाच.